स्मूलेची आई

बसथांब्याच्या काचेमागे, जिथे एरवी चपलांची नाहीतर सुट्टीतल्या सहलींची जाहिरात असते, तिथे आपल्या लहानपणीच्या घराचं दार उभं आहे हे मेरेटेच्या आधी तिच्या पायांना कळलं. ती थबकली. मागून येणारा माणूस तिच्यावर आदळता आदळता वाचला आणि पुटपुटत पुढे गेला. फोटोतलं दार खऱ्या मापाचं होतं. तेच तपकिरी, खालच्या अंगाला बुटांच्या ठोकरांनी पांढुरकं झालेलं, टपाल आत सरकवायच्या पितळी फटीचं. फट मात्र कुणीतरी घासूनपुसून लख्ख केली होती. त्या घरात ती कधी अशी चकाकली नव्हती. दारावर पांढऱ्या अक्षरांत एवढंच लिहिलं होतं, 'तुझी आई आहे का घरात?' आणि खाली बारीक अक्षरांत, विगो ब्रोगोर यांचं राहतं घर या शनिवारपासून सर्वांसाठी खुलं. प्रश्नाचं उत्तर छापलेलं नव्हतं. त्याची गरजही नव्हती. या देशात शाळेची पायरी चढलेल्या कुठल्याही माणसाला ते उत्तर झोपेतून उठवून विचारलं तरी येतं. बस आली, दरवाजे उघडून जरा वेळ ताटकळली आणि निघून गेली. नोव्हेंबरचा वारा बंदरावरून रस्ताभर घुसत होता. मेरेटे हातातली पिशवी पोटाशी धरून त्या दाराकडे बघत राहिली. कुणीतरी आपल्याला भर रस्त्यात लहानपणीच्या नावानं हाक मारावी आणि वळून बघावं तर कुणीच नसावं, तसं तिला झालं.

विगो ब्रोगोर म्हणजे तिचे वडील. ऑर्हुसच्या एका वर्तमानपत्रात मुद्रितं तपासायचे आणि संध्याकाळी स्वयंपाकघरातल्या टेबलावर, बटाट्यांची सालं एका बाजूला सारून, मुलांसाठी गोष्टी लिहायचे. स्मूले नावाच्या मुलीच्या गोष्टी. स्मूले म्हणजे कण, चिमूटभर. ही चिमूटभर मुलगी बाबांबरोबर तिसऱ्या मजल्यावर राहते, जिन्यातल्या सगळ्यांशी भांडते, सगळ्यांची कामं करते, आणि तिची आई घरात नसते. चंद्र आजारी पडला म्हणून भरती-ओहोटीचं काम बघायला आई समुद्रावर गेलेली असते. पुस्तकामागून पुस्तकं झाली, चंद्राचं दुखणं काही हटेना. मुलं लेखकाला विचारून भंडावून सोडायची, चंद्र बरा कधी होणार? आणि मग शेवटचं पुस्तक आलं. त्यात दारावर टकटक होते, स्मूले दार उघडते, बाहेर कोटाचे खिसे शंखशिंपल्यांनी फुगलेली एक बाई उभी असते. ती विचारते, "तुझी आई आहे का घरात?" आणि स्मूले म्हणते, "हो. आत्ताच आली."

बस, एवढंच. पुस्तक तिथेच संपतं. या तीन शब्दांवर दोन पिढ्या रडल्या होत्या. आडदांड कोळ्यांनी आपल्या होड्यांच्या नाकाडावर ते रंगवले होते. परदेशातून परतलेल्या लेकी विमानतळावर आयांच्या गळ्यात पडून तेच म्हणायच्या. मेरेटे कानांच्या दवाखान्यात कामाला होती तेव्हा तर हे रोजचंच झालं होतं. तिच्या कोटावरचं आडनाव वाचून पोरांच्या आया हळूच विचारायच्या, "ब्रोगोर म्हणजे ते ब्रोगोर? म्हणजे तुम्हीच स्मूले?" ती हसायची आणि पोराच्या कानांवर यंत्र चढवायची. बारीक बारीक आवाज एकेक करून सोडायचे आणि ऐकू आला की पोरानं हात वर करायचा. आयुष्यभर ते काम करून तिला एक गोष्ट पक्की कळली होती. ज्यांना ऐकू येत नाही ती मुलंसुद्धा हात वर करतात. समोरच्या बाईला वाईट वाटू नये म्हणून. स्मूले म्हटलं की आपणही तसाच हात वर करत आलो, असं तिला वाटायचं.

कारण तिची आई घरी आलीच नव्हती. आई समुद्रावरही गेली नव्हती. शहराच्या उत्तरेला, झाडीच्या पलीकडे, मनाच्या आजारांचं मोठं इस्पितळ होतं, तिथे होती. मेरेटे तीन वर्षांची असताना गेली आणि शेवटपर्यंत तिथेच राहिली. तिच्या सगळ्या आठवणींत आई म्हणजे एक वेणीचा स्पर्श होता, जाड, जड, जरा ओलसर वेणी, अंगावर वाकल्यावर गालाला लागणारी. ही आठवण खरी की भिंतीवरच्या फोटोतून उचललेली, हेही तिला कधी ठरवता आलं नाही. अठरा वर्षांची झाल्यावर ती आपली आपण आईला भेटायला जाऊ लागली. केस कापलेली एक नीटनेटकी बाई खिडकीशी बसलेली असायची. "बाहेर वारा आहे का हो?" असं अहो-जाहो करून विचारायची आणि झग्याच्या खिशातून खारट ज्येष्ठमधाची गोळी काढून पुढे करायची. कधीमधी ती मेरेटेकडे बराच वेळ टक लावून बघे, ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हलल्यासारखं होई, गंमत सांगायच्या आधी हलतं तसं, आणि मग परत वाऱ्याची चौकशी. मेरेटेचं लग्न ठरलं त्या वर्षी आई गेली. अंत्यविधीला चौघंच होती. दुसऱ्याच दिवशी वर्तमानपत्रात वडिलांचा फोटो आला, कुठल्याशा शाळेत पोरांच्या गराड्यात बसून 'आत्ताच आली' वाचून दाखवतानाचा. तो कार्यक्रम आधीच्या आठवड्यातला होता, हे तिला माहीत होतं. तरी तिच्या मनात काहीतरी कायमचं आंबलं.

एकदाच तिनं विचारलं होतं. स्वयंपाकघरात, वडील राय नावाच्या धान्याच्या काळ्या पावाचे पातळ काप करत होते. "बाबा, ती परत आली असं का लिहिलंत?" सुरी थांबली नाही. ते म्हणाले, "लहान मुलाला शेवट लागतो, मेरेटे." तिला वाटलं, हा माणूस माझ्याशी बोलत नाहीये, मुलाखत देतोय. त्यानंतर ती त्यांच्याशी हवापाण्याचं बोलत राहिली, वाढदिवसांना केक नेत राहिली, शेवटच्या आजारात उशाशी बसली. जनरीत म्हणून जे जे करायचं ते सगळं केलं. पण त्या प्रश्नाच्या पलीकडे दोघं कधी गेली नाहीत.

आणि आता ते घर लोकांना दाखवायला उघडणार होतं. घराचं काम बघणारी सिग्ने नावाची तिशीतली मुलगी महिनाभर तिच्या मागे लागली होती. गोड मुलगी, खरंच गोड. दोनच दिवसांपूर्वी तिचा फोन आला होता. "मेरेटे, तुम्हाला फार काही करायचं नाही. लोक जिन्यात उभे असतील. तुम्ही आतून दार उघडायचं आणि त्यांच्याशी दोन शब्द बोलायचे. बस."

"कुठले दोन शब्द?"

"तुम्हाला वाटतील ते. पण," सिग्ने हसली, "सगळे कुठल्या शब्दांची वाट बघत असणार ते तुम्हाला माहीतच आहे."

मेरेटे हो म्हणाली होती. हो म्हणताना तिला काहीच वाटलं नव्हतं. आत्ता, दुसऱ्या बसची वाट बघत त्या काचेसमोर उभी असताना मात्र तिच्या तोंडात एक वाक्य आपसूक तयार झालं, लिमलेटच्या गोळीसारखं गोल आणि टणक. 'माझी आई कधीच परत आली नाही, आणि माझ्या वडिलांनी ते खोटं लिहिलं.' तिनं ते मनात दोनदा म्हणून पाहिलं. अंगात कितीतरी वर्षांनी जोर आल्यासारखं वाटलं. हेच बोलायचं. दार उघडायचं आणि हेच सांगून टाकायचं. बस आली तशी ती चढली, पण आपल्या घराच्या थांब्यावर उतरली नाही. तशीच पुढे एल्ना मावशीकडे गेली.

एल्ना मावशी आईची धाकटी बहीण. नव्वदी कधीच ओलांडलेली, वृद्धाश्रमातल्या खोलीत खिडकीतल्या जिरेनियमच्या कुंड्यांवर आणि आल्यागेल्यावर सारखीच करडी नजर ठेवून बसलेली. तिनं मेरेटेला दारात पाहिलं आणि ऐकण्याचं यंत्र कानात नीट बसवलं.

"आज बुधवार. बुधवारी कशी आलीस? मी मेले असा फोन गेला की काय?"

"मेलीस तर फोन तूच करशील, मावशी."

"करेन ना. इथल्या पोरींना काही धड सांगता येत नाही. बस. कोट काढ आधी, सगळा वारा घेऊन आलीयेस."

कॉफी आली. मसाल्याची टणक बिस्किटं आली, ती मावशी कॉफीत बुडवून खाते. मेरेटेनं बसथांब्यावरचं दार सांगितलं. मग शनिवारचा कार्यक्रम सांगितला. मग आपण काय बोलणार आहोत, तेही सांगितलं. सांगताना आपला आवाज चढतोय हे तिचं तिला ऐकू येत होतं. "आई त्या खिडकीत बसून म्हातारी झाली. आणि यांनी तिला छापून घरी आणली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. एक माणूस तरी पाहिजे ना, सांगायला, की असं झालं नव्हतं म्हणून?"

मावशीनं बिस्कीट बुडवलं. ते मऊ होऊन तुटलं आणि कपात पडलं, तरी तिचं लक्ष नव्हतं.

"हे बोलू नकोस," ती म्हणाली.

"का? बाबांचं नाव खराब होईल म्हणून? तुला कधीपासून त्यांचा एवढा पुळका? तू तर त्यांचं नावसुद्धा घेत नाहीस."

"घेत नाही, कारण घेतलं की पुढचंही तोंडातून गेलं असतं. शब्द दिला होता त्याला." मावशीनं कप बाजूला ठेवला. "तू हे बोललीस ना, तर खोटं बोलशील. तो नाही. तू."

बाहेर बागेत कुणीतरी पाचोळा ओढत होतं, दाताळ्याचा खरखर आवाज येत होता, आणि मेरेटेला वाटलं की तो फार जवळून येतोय, अगदी कानाच्या आतून.

"आस्ता घरी आली होती. तुझी आई," मावशी म्हणाली. "तू सात वर्षांची होतीस. त्या हिवाळ्यात ती इतकी बरी होती, तुला काय सांगू. डॉक्टरांनी दिवसभराची मोकळीक दिली. मला म्हणाली, विगोला सांगू नकोस, आपण अचानक जाऊ. तुमच्या त्या जिन्याशी आलो तर म्हणते, तू खालीच थांब, मी एकटी वर जाते. मी थांबले. नवा कोट घालून दिला होता मी तिला. केस तर तेव्हा कापलेलेच होते."

"मी कुठे होते?"

"घरात. शाळा सुटून आलेली. विगो छापखान्यात. तो यायच्या आधी तासभर तू एकटीच असायचीस, आणि त्यानं तुला पढवून ठेवलं होतं. कुणी आलं तर अनोळखी माणसाला आत घ्यायचं नाही, आई घरात नाही म्हणायचं, आणि दार लावून घ्यायचं. नम्रपणे."

मेरेटेनं टेबलाची कड धरली. लाकडाची एक ढलपी निघाली होती तिथे, ती बोटाला लागली, आणि तिनं बोट तिथेच दाबून धरलं.

"आस्ताचा स्वभाव गमत्या," मावशी म्हणाली. "आजारी पडायच्या आधी घर हसवायची. तू दार उघडलंस, आणि तिला काय वाटलं कुणास ठाऊक, तिनं गंमत केली. शेजारीण आल्यासारखा चेहरा करून विचारलं, 'तुझी आई आहे का घरात?'"

दाताळं थांबलं होतं.

"आणि मी?"

"तू म्हणालीस, 'नाही. आई आजारी आहे. बाबा आल्यावर या.' आणि दार लावलंस. तू काय करणार होतीस, पोरी? तू तिला ओळखणार कुठून? वेणीवाली आई तुझी. ही कुणी केस कापलेली बाई."

मेरेटे त्या दुपारच्या शोधात स्वतःच्या आत धावत सुटली. जिना आठवला, पायपुसणं आठवलं, कोबी शिजल्याचा तो कायमचा वास आठवला. कडी वरच्या बाजूला होती, ती काढायला टाचा उंच कराव्या लागत, तेही आठवलं. दाराबाहेर किती माणसं आली असतील. गॅसवाला, विमेवाला, देवाची पत्रकं वाटणाऱ्या दोन बहिणी. त्यातल्या कुठल्या चेहऱ्यावर बोट ठेवायचं? तिनं जीव तोडून कान दिला, पण आत काही वाजलं नाही. आयुष्यातली सर्वांत मोठी गोष्ट तिच्या हातून घडली होती आणि तिच्यापाशी तिचा ओरखडासुद्धा नव्हता.

"परत वाजवायचं होतं तिनं दार," ती शेवटी म्हणाली. आवाज भलत्याच माणसाचा वाटला.

"मीही तेच म्हटलं. ती पायरीवर बसली होती थोडा वेळ. मग खाली आली. मला वाटलं रडत असेल. रडत नव्हती. म्हणाली, 'एल्ना, किती शहाणी झालीये. अनोळखी बाईला आत घेतलं नाही. विगोनं नीट वाढवलंय तिला.' मी म्हटलं, चल वर, मी येते बरोबर. तर म्हणाली, नको. ती घाबरेल. आई घरात नसली तरी राहणं तिला आत्ता कुठे जमलंय, ते मी मोडत नाही. आणि मला घट्ट धरून बसपर्यंत चालत आली." मावशीनं चष्मा काढला, पुसला नाही, नुसताच हातात धरला. "मी तिला ओढत वर न्यायला हवं होतं. मी रागीट, पण तिच्यापुढे माझं कधी चाललं नाही. संध्याकाळी मी विगोला सांगितलं. तुमच्याच जिन्याखाली, सायकलींच्या जागेत. तो सायकलच्या सीटवर हात ठेवून उभा राहिला. मग म्हणाला, मेरेटेला हे कधीही कळता कामा नये. कधीही म्हणजे कधीही. वचन घेतलं माझ्याकडून. दर रविवारी जायचा तो तिच्याकडे, ते तर तुला माहीतच आहे. घरी चल म्हणून विनवायचा. पण ती परत त्या जिन्याची पायरी चढली नाही, आणि पुढच्या वर्षी तर तिला दिवस-रातही उमजेना. त्याच वर्षी ते पुस्तक आलं. मी वाचायला घेतलं आणि आधी मला त्याचा संताप आला. मग शेवटच्या पानाशी आले. एक शब्द बदललाय गं त्यानं. तुझा तो 'नाही'."

मेरेटे उठली. खिडकीशी गेली. जिरेनियमचं एक वाळकं पान तिनं खुडलं आणि मुठीत धरलं. त्याचा तिखट वास हाताला लागला. लहान मुलाला शेवट लागतो, मेरेटे. त्यांनी तिचं नाव घेतलं होतं. इतकी वर्षं तिला ते वाक्य आठवत होतं, त्याच्या टोकाला लावलेलं आपलं नाव मात्र तिनं कधी ऐकलंच नव्हतं. आयुष्यभर दुसऱ्यांचे कान तपासले होते तिनं.

"मला का सांगितलंस?" ती पाठमोरीच म्हणाली. "शब्द दिला होतास ना?"

"दिला होता. तू त्याला चारचौघांत खोटा ठरवायला निघालीस म्हणून मोडला. वर गेल्यावर तो मला बोलेल तेव्हा बोलेल." मावशीनं चष्मा घातला. "इकडे ये. बस माझ्याजवळ. त्या रोपट्यानं तुझं काय घोडं मारलंय?"

शनिवारपर्यंतचे दिवस तिनं कसे काढले हे तिला सांगता आलं नसतं. दोनदा तिनं सिग्नेला फोन लावून ठेवून दिला. एका सकाळी ती इस्पितळाच्या बाजूला चालत गेली. तिथे आता विद्यार्थ्यांची वस्ती होती, खिडक्यांत सायकलची हेल्मेटं आणि वाळत घातलेले मोजे होते, आणि आईची खिडकी कुठली हे तिला ओळखता येईना. रागाची तिला इतकी वर्षांची सवय होती, की तो गेल्यावर चालताना तोल गेल्यासारखं होत होतं. त्याच्या जागी दुःख यायला हवं होतं, पण तेही धडपणे येत नव्हतं. येत होती ती एक सात वर्षांची मुलगी, टाचा उंच करून कडी काढणारी, शहाणी, नम्र. मेरेटेला तिची कीव येई आणि लगेच तिचा चेहरा बघवेनासा होई. मग वाटे, त्या बाईनं तिला शहाणी म्हटलं होतं. ज्या बाईला रागवायचा हक्क होता तिनं.

शनिवारी जिना माणसांनी गच्च भरला होता. तळापासून तिसऱ्या मजल्यापर्यंत ओले कोट, लोकरीच्या टोप्या, कडेवरची पोरं, आजोबा, वर्तमानपत्रवाले. मेरेटे आत एकटी उभी होती. घर त्यांनी जसंच्या तसं ठेवलं होतं, म्हणजे कधीच नव्हतं तितकं नीट. टेबलावर बटाट्याची सालंसुद्धा ठेवली होती, कशाची तरी बनवलेली. दाराबाहेर सिग्ने बोलत होती, लोक हसत होते, मग शांत झाले. दारावर टकटक झाली. मेरेटेनं हात उचलला. कडी आता तिच्या डोळ्यांसमोर होती, टाचा उंच कराव्या लागल्या नाहीत.

दार उघडलं. इतके चेहरे एकदम आत बघत होते की तिला एकही दिसला नाही. सिग्ने डोळे मोठे करून, ओठ हलवून तिला धीर देत होती. मेरेटेच्या मनात कुठलंच वाक्य तयार नव्हतं. बुधवारचं गोल टणक वाक्य तर कुठल्या कुठे विरघळून गेलं होतं.

"माझी आई आली होती," ती म्हणाली. आवाज बारीक निघाला म्हणून तिनं पुन्हा सांगितलं, मागच्यांना ऐकू जाईल असं. "पुस्तकात आहे ते खरं आहे. ती याच जिन्यानं वर आली. दार मीच उघडलं. बाबांनी ते माझ्यासाठी लिहिलं."

मग टाळ्या सुरू झाल्या, वरून खाली, मजल्यामजल्यानं उतरत गेल्या. खाली ज्यांना शब्द पोचले नव्हते, तेही वाजवत होते. पुढे उभी असलेली एक जाडजूड बाई हुंदके देत होती. सिग्नेनं मेरेटेचे दोन्ही हात धरले आणि म्हणाली, "मेरेटे, याहून सुंदर काही होऊच शकलं नसतं." मेरेटेनं मान हलवली. यातलं एकही अक्षर खोटं नव्हतं, आणि यातलं या लोकांना काहीही कळलं नव्हतं. आणि तेच बरं होतं.

"आता तुम्ही आत बसा," सिग्ने म्हणाली. "कॉफी ठेवलीये. दारापाशी मी थांबते."

"नाही," मेरेटे म्हणाली. "दार मी धरते."

तिनं दाराची फळी पाठीनं भिंतीला टेकवली आणि हात पुढे केला. पहिला एक म्हातारा होता. मग ती रडणारी बाई. मग कुणी तरुण जोडपं, मग नुसता पावसानं निथळणारा घोळका. एकाही माणसाला ती ओळखत नव्हती. प्रत्येकाचा गार पडलेला हात ती हातात घेत होती, चेहऱ्याकडे नीट बघत होती आणि म्हणत होती, "या. आत या." पुढच्याला, "या ना, आत या." लोक आत जात राहिले. घर भरलं, आतून बोलण्याचा गलका येऊ लागला, कुणीतरी बटाट्याच्या सालांना हसलं. जिना हळूहळू रिकामा झाला, खालच्या दरवाजाचा आवाजही थांबला. सिग्नेनं आतून दोनदा हाक मारली. मेरेटे कठड्यावरून खाली वाकली, पुन्हा एकदा सगळा जिना तिनं नजरेनं चाचपला, आणि दार तसंच उघडं धरून उभी राहिली.